बाबांना मासळीतलं सगळं कळतं, मग टोकियोच्या बाजारात गाइड कशाला?

पत्र थोडक्यात असं: पुण्याच्या एका मैत्रिणीने लिहिलंय, वय चाळिशीच्या आसपास. धाकटा भाऊ टोकियोत निशी-कासाईला राहतो, आयटीत आहे, आणि येत्या नोव्हेंबरात ती आई-बाबांना घेऊन पहिल्यांदाच त्याच्याकडे चाललीये. बाबा ७१ वर्षांचे, मूळचे हर्णैचे, बंदरावरचा लिलाव बघत वाढलेले, पुण्यातही मासळी आणायला दुसऱ्या कुणाला जाऊ देत नाहीत. आई माळकरी, मासे-अंडं काहीच नाही. मैत्रिणीने त्सुकिजीच्या मासळी बाजारातली एक गाइडेड फूड टूर बघून ठेवलीये, तीन तासांची, माणशी १२ हजार येन, म्हणजे साधारण ७ हजार रुपये. बाबा म्हणतात, "मासे बघायला कुणी पैसे देतं का? आणि मला तिथे कोण काय शिकवणार?" शिवाय कच्चं काही तोंडात घालणार नाही हे त्यांनी आधीच जाहीर केलंय. भावाचं म्हणणं, यूट्यूबवर सगळं आहे, मीच फिरवतो, आणि खरा बाजार तिथून कधीच हललाय, आता नुसतं टुरिस्टांसाठी उरलंय. आईला घरी एकटं ठेवणं जिवावर येतं, नेलं तर तीन तास ती काय करणार हा प्रश्न. "चौघांचे २८ हजार होतात. हा माझाच हट्ट आहे का? कॅन्सल करून टाकू?"

कॅन्सल करू नका. पण चार तिकिटंही काढू नका, दोनच काढा, तुमचं आणि बाबांचं. का ते सांगते.

आधी बाबांचं वाक्य घेऊया, कारण तुम्ही ते जसंच्या तसं मान्य करून टाकलंय असं पत्रावरून वाटलं. मला मासळी कळते, म्हणून मला गाइड नको. ऐकायला बरोबर वाटतं, पण मासळी बाजारात नेमकं उलटं असतं. ज्याला माशातलं काही कळत नाही त्याला त्सुकिजीत गाइडची तेवढी गरजच नाही, तो एका गाड्यावर काहीतरी काडीला लावलेलं खाईल, दुसऱ्यावर स्ट्रॉबेरी खाईल, फोटो काढेल आणि तासाभरात खुशीत बाहेर पडेल. ज्याला कळतं त्याला प्रश्न पडतात. हा कुठल्या समुद्रातला, कधी पकडलाय, बर्फातला की ताजा, याचं रक्त एवढं स्वच्छ कसं काढलंय, आणि शेजारी-शेजारी ठेवलेल्या दोन तुकड्यांत एकाचा भाव दुसऱ्याच्या तिप्पट का. हे प्रश्न बाबांना पहिल्या दहा मिनिटांत पडणार आहेत आणि उत्तर द्यायला समोर कुणी नसेल, कारण दुकानदारांना बहुतेक वेळा किंमत सांगण्यापुरतं इंग्रजी येतं आणि सकाळच्या गर्दीत त्यांना उभं राहून गप्पा मारायला वेळही नसतो.

हर्णैला बाबा हात मागे बांधून गप्प उभे राहत असतील असं मला वाटत नाही. बाजारात ते काय करत असतील ते आठवून बघा. कल्ला उचलून आतला रंग बघतात, अंगठ्याने मांस दाबून बघतात, डोळे बघतात आणि मग भाव करतात. आता त्सुकिजीत माल हाताळायचा नाही हा पहिला नियम, आणि घासाघीस हा तिथला प्रकारच नाही, लिहिलंय ते द्यायचं. म्हणजे त्यांचा हातही गेला आणि तोंडही गेलं. आयुष्यभर ज्या कामात आपलं कुणी खंडन केलं नाही त्याच कामात माणूस तीन तास मुका होऊन फिरला तर तो बाजारावर चिडतो आणि "काय ठेवलंय तिथे" म्हणत घरी येतो. तुम्ही गाइडला पैसे देताय ते बाबांना शिकवायला नाही, बाबांना तिथे बोलता यावं म्हणून देताय. चांगला गाइड दुकानदाराला सांगतो, हे काका मासळीच्या बंदरावरचे आहेत, जरा तो मासा उलटा करून दाखवा. आणि दुकानदार दाखवतो, हौसेने दाखवतो, कारण जाणकार गिऱ्हाईक कुठल्याही बाजारात ओळखू येतं.

ट्यूनाचंच उदाहरण घ्या. आपल्या किनाऱ्यावर कुपा, गेदर याला पापलेट-सुरमईचा मान कधीच नव्हता, बाबांच्या लेखी तो दुय्यम मासा असणार. तिथला ब्लूफिन जातीने वेगळा आणि आकाराने कितीतरी मोठा, पण घराणं तेच. २०१९ च्या जानेवारीत नव्या वर्षाच्या पहिल्या लिलावात २७८ किलोचा एक ब्लूफिन ३३ कोटी ३६ लाख येनला गेला होता. हा मानाचा लिलाव असतो, त्यात जाहिरातीचा भाग असतो, रोजचे भाव असे नसतात, पण बाबांना एवढं सांगितलं तरी ते उठून बसतील. लिलावाच्या आधी व्यापारी काय करतात माहितीये? माशाचं शेपूट कापून ठेवलेलं असतं, त्या कापलेल्या जागी छोटी टॉर्च मारून मांसाचा रंग बघतात, चिमूटभर मांस काढून बोटांत चोळतात आणि चरबी किती आहे ते बोटांवर ओळखतात. बाबांचा कल्ला उचलणं आणि हे, दोन्ही एकाच विद्येतले धडे आहेत, आणि बाजारातल्या ट्यूनाच्या दुकानासमोर उभं राहून कुणीतरी हे त्यांना सांगणं आणि यूट्यूबवर बघणं यात फार फरक आहे. मग तोच माणूस तुकडे दाखवून सांगेल की हा गडद लाल म्हणजे आकामी, पाठीकडचा, हा फिकट गुलाबी चूतोरो, आणि हा पोटाकडचा पांढऱ्या रेषांचा ओतोरो, सगळ्यात महाग. एके काळी हाच चरबीचा भाग टाकून द्यायचे, कारण शीतगृहं नव्हती आणि सगळ्यात आधी तोच खराब व्हायचा. पुढे बर्फ आणि फ्रीझर आले आणि भाव उलटे झाले. हे ऐकल्यावर बाबा हर्णैला बर्फ कधी आला, त्याआधी कुठली मासळी फुकट जायची, ते सांगायला लागतील, आणि गाइड ते ऐकून घेईल कारण त्याच्याही कामाचं आहे ते.

आता भाऊ. तो अर्धा बरोबर आहे. १९२३ च्या भूकंपात टोकियोचा निहोनबाशीचा जुना मासळी बाजार उद्ध्वस्त झाला, मग १९३५ मध्ये त्सुकिजीचा मोठा घाऊक बाजार सुरू झाला आणि तो २०१८ च्या ऑक्टोबरात दोन-अडीच किलोमीटरवर तोयोसूला हलला. पण हलला तो आतला बाजार, लिलावाचा. बाहेरचा बाजार, म्हणजे आतल्याच्या भोवती वाढलेल्या गल्ल्या आणि चारेकशे दुकानं, ती जागच्या जागी आहेत. आणि हो, पुढच्या रांगेतल्या बऱ्याच दुकानांनी टुरिस्टांसाठी कात टाकलीये, सी-अर्चिन (काटेरी कवचाचा समुद्री जीव) आणि वाग्यू हे महागडं जपानी बीफ एकाच काडीवर लावून चढ्या भावाने विकतात, त्याबद्दल भाऊ चिडतो ते रास्तच आहे. पण त्याच गल्ल्यांत मागच्या बाजूला सुऱ्यांची दुकानं आहेत, सुकवलेल्या माशांची, समुद्री शेवाळाची, लोणच्यांची, चहाची, हॉटेलांच्या भांड्यांची, आणि टोकियोचे आचारी आजही पहाटे तिथे खरेदीला येतात. म्हणून तर टुरिस्टांनी शक्यतो नऊनंतर या अशी बाजाराची विनंती असते. आतला बाजार हलला तेव्हा टोकियोच्या चूओ वॉर्डने त्सुकिजी उओगाशी नावाची इमारत मुद्दाम बांधून दिली, तोयोसूतल्या घाऊक व्यापाऱ्यांची दुकानं तिथे आहेत, सकाळी लवकर धंदेवाल्यांसाठी आणि नंतर सगळ्यांसाठी. व्हिडिओत काडीवरचं खाणं दिसतं कारण ते कॅमेऱ्यात छान दिसतं, सुकवलेल्या माशाच्या दुकानात कॅमेरा फारसा रेंगाळत नाही, आणि बाबांचा जीव तिथेच रमणार आहे.

तर टूर निवडताना बघायची गोष्ट ही. वर्णनात नुसतं वाग्यू, सी-अर्चिन, स्ट्रॉबेरी मोची (तांदळाची मऊ मिठाई) आणि "इन्स्टाग्राम" असं असेल तर सोडून द्या, तेवढं भाऊ फिरवू शकतो. कात्सुओबुशीचं, म्हणजे धुरी देऊन सुकवलेल्या माशाचं दुकान, सुऱ्यांचं दुकान, नामियोके देऊळ, दुकानदारांशी बोलणं, असं असेल तर ती तुमची टूर. ग्रुप सहा-आठ जणांच्या वर नको, त्या गल्ल्या अरुंद आहेत आणि पंधरा जणांच्या मागे उभं राहून बाबांना ऐकूही येणार नाही.

कात्सुओबुशीवर जरा थांबते, कारण मला वाटतं बाबांना तिथेच सगळ्यात मजा येईल. ट्यूनाच्याच कुळातला एक मासा, त्याचे लांब तुकडे काढून ते हलक्या उकळीवर शिजवतात, काटे काढतात, लाकडाच्या धुरावर पुन्हा पुन्हा धुरी देतात, आणि भारी मालावर तर मुद्दाम बुरशी चढवून उन्हात घालतात, पुन्हा चढवतात, पुन्हा उन्हात. काही महिन्यांनी जे तयार होतं ते तपकिरी, लाकडाच्या ढलपीसारखं असतं, दोन तुकडे एकमेकांवर आपटले तर खणखणीत वाजतात, आणि उलट्या बसवलेल्या रंध्यावर घासून त्याचे कागदाहून पातळ पापुद्रे काढतात. गरम पाण्यात समुद्री शेवाळ आणि हे पापुद्रे थोडाच वेळ ठेवून गाळून घेतलं की झाली दाशी, म्हणजे जपानी स्वयंपाकाचं मूळ पाणी. टूरवर बऱ्याचदा ती छोट्या कपात चवीला देतात. तिखट नाही, कोकम नाही, तिरफळ नाही, नुसता धुराचा आणि माशाचा वास. ज्या घरात सोडे, सुकट, सुके बोंबील, खारे बांगडे डब्यात भरून ठेवले जातात त्या घरातल्या माणसाला हे काय चाललंय ते क्षणात समजतं, आणि बुरशी मुद्दाम चढवतात हे ऐकून तो वादही घालतो. घालू दे ना.

आता कच्च्याचं. बाबा नाही म्हणालेत ना, मग नाही. तिथे गेल्यावर "एक घास तर घ्या, एवढे पैसे भरलेत" असं करू नका, ७१ वर्षांच्या माणसाला चारचौघांत घास तोंडाजवळ नेऊन दाखवणं बरं नाही, आणि टूर म्हणजे परीक्षा नाही. तुमच्या डोक्यात कुठेतरी असं बसलंय की जपानी मासळी बाजारात जाऊन कच्चं खाल्लं नाही तर पैसे फुकट. तसं अजिबात नाही. शिंपल्यातच बटर आणि सोया सॉस घालून भाजलेला स्कॅलप असतो, कोळशावर गोडसर सॉस लावत भाजलेली उनागी असते, ती आपल्या वामीच्या जवळची, माशाच्या पेस्टचे तळलेले वडे असतात, मधून चिरून खारवून सुकवलेला आजी नावाचा मासा भाजून मिळतो. पोलॉक माशाची मिठात आणि तिखटात मुरवलेली गाबोळी मिळते, मेनताइको, ती कच्चीच असते पण भाजूनही खातात, आणि गाबोळीवर जीव असलेला कोकणी माणूस तिला नाही म्हणेल असं मला वाटत नाही. अंड्याचं तामागोयाकी तर समोर करताना बघण्यासारखं: लांब दांड्यांचे चौकोनी तांब्याचे तवे ओळीने गॅसवर, माणूस अंड्याचा पातळ थर ओततो, चॉपस्टिकने गुंडाळत पुढे नेतो, मागे सरकवतो, पुन्हा ओततो, पुन्हा गुंडाळतो, आणि हे सगळ्या तव्यांवर एकाच वेळी चाललेलं असतं. चव गोडसर असते हे मात्र बाबांना आधी सांगा, नाहीतर पहिल्याच घासाला तोंड वाकडं होईल.

आणि बाबांना स्वतःहूनच एखादा तुकडा चाखावासा वाटला तर घाबरू नका, पण थोडं माहीत असू द्या. लांबच्या समुद्रातून येणारा बराचसा ट्यूना बोटीवरच उणे ६० अंशांच्या आसपास गोठवलेला असतो. कच्च्या माशातला आनिसाकिस नावाचा कृमी उणे २० अंशांवर २४ तास ठेवला की मरतो, व्हिनेगर, मीठ किंवा वासाबीने (सुशीबरोबरची झणझणीत हिरवी चटणी) तो मरत नाही, त्यामुळे "वासाबी लावली की झालं" या समजुतीवर जाऊ नका. त्या वयात कच्ची कालवं मात्र नकोतच, तिथे मी आग्रहाने नाही म्हणेन. डायबेटीस, किडनी, लिव्हर, रक्त पातळ करणारी गोळी, असं काही असेल तर निघण्याआधी डॉक्टरांना विचारा. बीपी असेल तर सोया सॉस आणि मिसो सूपमधल्या (आंबवलेल्या सोयाबीनचं सूप) मिठाकडेही लक्ष असू द्या.

आता आई. पत्रात तुम्ही आईबद्दल लिहिलंय ते सगळं तुमच्या मनातलं आहे, आईचं वाक्य एकही नाही. बाबा काय म्हणाले ते आहे, भाऊ काय म्हणाला ते आहे, आई काय म्हणाली ते नाही. तिला विचारलंत का? माळ घातलेली बाई मासळीच्या गल्लीत गुदमरेल असं आपण गृहीत धरतो, आणि तीच बाई कित्येक वर्षं घरी नवऱ्याचे मासे वेगळ्या भांड्यात का होईना पण होऊ देत असते. कदाचित तिला बाजार बघायचाच असेल, खायचं नसेल एवढंच. कदाचित तिला त्या सकाळी निवांत घरी बसायचं असेल आणि तुम्ही उगाच अपराधी वाटून घेताय. आधी विचारा, मग ठरवा.

ती येते म्हणाली तरी तिचं टूरचं तिकीट काढू नका, कारण त्या १२ हजारांत तिच्या खाण्यासारखं जवळजवळ काही नसेल. हे सगळ्याच शाकाहारी वाचकांसाठी सांगते: जपानमध्ये मासा दिसत नाही म्हणजे मासा नाही असं समजू नका. मिसो सूपमध्ये दाशी, नूडल्सच्या पाण्यात दाशी, तामागोयाकीत दाशी, शिजवलेल्या भाज्यांत दाशी, काही लोणच्यांतसुद्धा कात्सुओबुशी असते. दुकानदार प्रामाणिकपणे "व्हेजिटेबल" म्हणून देईल, त्याच्या लेखी ती भाजीच आहे. आईसाठी त्या बाजारात खात्रीचं म्हणजे फळं, साधा हिरवा चहा, भाजलेले चेस्टनट, आणि तांदळाच्या मोचीत लाल बीनचं गोड पुरण आणि आख्खी स्ट्रॉबेरी असते ती दाइफुकू, तीही कधी कधी क्रीम-जिलेटिनवाली असते म्हणून विचारून. बाकी जेवणासाठी घरून डबा किंवा परत निशी-कासाईला, तिथे भारतीय दुकानं आणि हॉटेलं भरपूर आहेत हे भावाला माहीत असेलच. तोझाई लाइनने कायाबाचो, तिथे हिबिया लाइन बदलून त्सुकिजी, अर्ध्या तासाच्या आसपासचा रस्ता आहे, त्यामुळे "एकदा गेलो की अडकलो" असंही नाही.

आणि आईला बाजाराच्या दाराशीच एक जागा आहे जी मला वाटतं तिला बाजारापेक्षा जास्त आवडेल. त्सुकिजी स्टेशनातून बाहेर पडलात की होंगान-जी हे मोठं बौद्ध मंदिर. आताची इमारत १९३४ सालची, इतो चूता नावाच्या वास्तुतज्ज्ञाची, तो १९०२ पासून तीन वर्षं चीन, भारत, तुर्कस्तान असा फिरला होता, आणि ही इमारत त्याने प्राचीन भारतीय बौद्ध वास्तूंवरून बांधली. कार्ल्याची किंवा अजिंठ्याची लेणी बघितलेल्या माणसाला समोरची ती चैत्याची कमान बघून टोकियोत आहोत हे खरंच वाटत नाही. आत जायला पैसे नाहीत, आणि मुख्य म्हणजे सभागृहात खुर्च्या आहेत, जमिनीवर बसायला लागत नाही, आईला गुडघ्यांचा त्रास असेल तर हे फार मोलाचं. जिन्यात दगडाचे हत्ती, माकडं, बैल कोरलेत ते बघायला भावाला सांगा.

म्हणजे भावाला काम मिळालं. त्याचं "मी फिरवतो" हे मोडून काढू नका, त्यालाही आई-बाबांना आपलं शहर दाखवायचंय, आणि बहिणीने पैसे देऊन परका माणूस आणला तर त्याला ते लागणारच. त्याला म्हणा, बाबांना मी घेऊन जाते कारण तिथे दुकानदारांशी मासळीवर बोलणारा माणूस हवा, आई तुझ्याकडे. दोघं निवांत येतील, मंदिरात बसतील, चहा घेतील, भांड्यांची दुकानं बघतील, आणि टूर संपली की नामियोके देवळापाशी सगळे भेटा. समुद्र हटवून ही जमीन करताना लाटा भराव वाहून न्यायच्या, तेव्हापासूनचं, १६५९ सालचं हे देऊळ, लाटांपासून राखणारं. आवारात कोळंबीचा, सुशीचा, अंड्याचा, आन्को नावाच्या माशाचा असे वेगवेगळे स्मृतिदगड आहेत, ज्या जिवांवर धंदा चालतो त्यांच्यासाठी धंदेवाल्यांनी उभे केलेले. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ वाहिलेला माणूस आणि माळकरी बाई, दोघांनाही इथे बोलायला काहीतरी असेल.

पैशांचं बोलूया. दोन तिकिटं म्हणजे २४ हजार येन, १४ हजार रुपये, ही रक्कम लहान नाहीच. बुक करण्याआधी खाणं धरून आहे की वेगळं ते नीट वाचा, काही टूरमध्ये शेवटी बसून सुशीचं जेवण असतं आणि किमतीचा मोठा वाटा त्याचाच असतो, जे बाबा खाणारच नाहीत. अशा वेळी विचारा, सुशीऐवजी भाजलेल्या माशाचं जेवण होईल का. नाही म्हणाले तर प्रायव्हेट गाइड बघा, तिथे पैसे बहुतेक डोक्यामागे नसून ग्रुपमागे असतात, खाण्याचे आपण वेगळे द्यायचे, आणि वेग बाबांच्या पायांचा ठेवता येतो. चौघं गेलात तर कधी कधी हेच स्वस्त पडतं. बजेट घट्ट असलेल्या वाचकांसाठी: जपानमध्ये व्हॉलंटियर गाइडही असतात, फी घेत नाहीत, त्यांचा प्रवास आणि जेवण आपण करायचं, मात्र आधी बरेच दिवस बुकिंग लागतं आणि मासळीतला जाणकार मिळेल याची खात्री नाही. लायसन्सचं म्हणाल तर २०१८ पासून जपानमध्ये बिनलायसन्सचा माणूसही पैसे घेऊन गाइडचं काम करू शकतो. त्यामुळे सरकारी परीक्षा पास गाइड आहे का हे विचारायला हरकत नाही, पण मी त्याहून जास्त वजन या प्रश्नाला देईन, की या दुकानदारांना तुम्ही ओळखता का.

बाबांनी लिलाव बघायचाच म्हटलं तर तो तोयोसूला, पहाटे साडेपाचच्या सुमारास. जवळून बघायच्या गॅलरीसाठी आधी अर्ज करून लॉटरी लागावी लागते, वरच्या काचेतून तशीही बघता येते. पण माझं मत विचाराल तर या वेळी नको. पहिल्या मेट्रोनेही वेळेत पोचणं अवघड, आणि हर्णैच्या वाळूवर होड्यांच्या पुढ्यात लिलाव बघितलेल्या माणसाला काचेमागून, वास नाही, ओल नाही, आवाज दबका, असं बघून समाधान होणार नाही.

तिथे वागायचं कसं ते पटकन सांगते. खाणं विकत घेतलं त्याच दुकानापुढे उभं राहून खायचं, चालत चालत खायचं नाही, काडी आणि कप त्याच दुकानात परत द्यायचे कारण रस्त्यावर कचऱ्याचे डबे नसतात. सुटे येन जवळ ठेवा. दुकानदाराचा फोटो विचारून. टिप देऊ नका, ती पद्धत नाही. कोळंबी-खेकड्याची ॲलर्जी असणाऱ्यांनी जास्त जपायचं, पाकीटबंद खाण्यावर जपानमध्ये ते लिहिणं सक्तीचं आहे, उघड्या गाड्यावरच्या खाण्यावर नाही, आणि एकाच जाळीवर सगळं भाजलं जातं.

टोकियोला न जाणाऱ्यांनी कानाझावाचा ओमिचो किंवा हाकोदातेचा सकाळचा बाजार बघावा. शिमोनोसेकीच्या कारातो बाजारात शनिवार-रविवारी मासे विकणारेच सुशीचे स्टॉल मांडतात. ओसाकाच्या कुरोमोनमध्ये आता भाव फार चढलेत, तिथे गाइडशिवाय फिरलात तरी चालेल, किंमत बघून मगच हात पुढे करा.

आता बुकिंग करताना गाइडला काय लिहायचं ते लिहून देते, इंग्रजीत तुम्ही करून घ्या. "माझे वडील ७१ वर्षांचे आहेत, भारतातल्या कोकण किनाऱ्यावरच्या मासळी बंदराजवळ वाढलेत आणि त्यांना मासळी चांगली कळते. ते कच्चा मासा, बीफ आणि पोर्क खात नाहीत, भाजलेलं आणि सुकवलेलं सगळं खातात. त्यांना दुकानदारांना प्रश्न विचारायचे असतील, तुम्ही मध्ये बोलून द्याल का? मध्ये एकदा बसायला जागा आणि टॉयलेट मिळेल का? कात्सुओबुशी आणि ट्यूनाच्या दुकानात जरा जास्त वेळ थांबता येईल का?" यावर जो माणूस सविस्तर उत्तर देईल त्याच्याकडे बुक करा, ठरीव उत्तर आलं तर दुसरा बघा. आणि तारीख ठरवताना बाजाराचं सुट्ट्यांचं कॅलेंडर समोर ठेवा, रविवारी बरीच दुकानं बंद असतात, काही बुधवारीही असतात, नोव्हेंबरात ३ आणि २३ तारखेला सरकारी सुट्टी असते, शनिवारी चालायला जागा नसते. दुपारी दोनच्या आत बहुतेक आवरतं. त्यामुळे मंगळवार, गुरुवार किंवा शुक्रवार, सकाळी नऊची वेळ घ्या, आणि बाबा गुरुवार पाळत असतील तर तो सोडून.